थोरलीचा दहावा

थोरली हत्तीण वारली तेव्हा तिचे वय पंचावन्नच्या आसपास होते आणि ती कधीच अस्तित्वात नव्हती. यांपैकी दुसऱ्या मुद्द्यावर बिबवेवाडीच्या कामठ्यांच्या घरात मतभेद होते.

तिला जन्माला घालणाऱ्या आणि मारणाऱ्या हुस्नबानू शिकलगार भवानी पेठेत राहत. एका महाविद्यालयात भूशास्त्र शिकवून त्या निवृत्त झालेल्या होत्या. घराण्याचा मूळ धंदा सुऱ्या-कात्र्यांना धार लावण्याचा. बाईंनी तो जिभेपुरता चालू ठेवला आहे, असे त्यांचे माजी विद्यार्थी म्हणत. निवृत्तीनंतर त्यांनी मुलांसाठी ‘गारी आणि थोरली’ ही साहसकथांची मालिका लिहायला घेतली. तीस हजार वर्षांपूर्वीचा मुठेचा काठ, गळ्यात शहामृगाच्या अंड्याच्या कवचाचे मणी घालणारी गारी नावाची मुलगी, आणि सरळ सुळ्यांच्या हत्तींच्या कळपाची म्होरकी थोरली. शहामृग आफ्रिकेत असतो, असे कळवणारी पत्रे पालकांकडून नियमित येत. तो त्या काळी महाराष्ट्रातही होता आणि त्याच्या अंड्यांची कवचे इथल्या मातीत सापडली आहेत, असे उत्तर बाई तितक्याच नियमितपणे पाठवत.

मालिकेला त्यांनी एक नियम घालून घेतला होता. सारे काही पुराव्याला धरून असायचे. अशक्य गोष्ट एकच, आणि ती पहिल्याच पुस्तकात उघड सांगून टाकलेली: थोरलीचे बोलणे गारीला तळपायांतून ऐकू येते. पुढे हत्ती माणसाच्या कानाला न पोचणाऱ्या खोल आवाजात एकमेकांशी बोलतात, असे शास्त्रज्ञांनी खरोखरच दाखवून दिले, तेव्हा बाईंना आनंद झाला नाही. आपली एकुलती एक थाप हातची गेली, असे त्यांना वाटले.

पुस्तके जयसिंग कामठे छापत. बिबवेवाडीतली वडिलोपार्जित जमीन सोसायट्यांच्या इमारतींखाली गेल्यावर त्यांनी वडिलांच्या नावाने ‘गेनबा प्रकाशन’ काढले होते. बोधचिन्ह बैलजोडीचे होते. मजकुराविषयी त्यांनी आजवर एकच सूचना केली होती.

“बाई, एखादा डायनोसॉर टाका की. पोरं वेडी होतात.”

“डायनोसॉर आणि माणूस यांच्यात साडेसहा कोटी वर्षांचं अंतर आहे.”

“एखाद्या प्रकरणापुरता?”

“तुमच्या लग्नाला सम्राट अशोक आला होता का, एखाद्या पंगतीपुरता?”

कामठ्यांनी तो विषय पुन्हा काढला नाही.

सातव्या पुस्तकात दुष्काळ पडतो आणि पाण्यासाठी नदीत उतरलेली थोरली गाळात रुतून मरते. ही जात पृथ्वीवरून नाहीशी झाली आहे. तेव्हा मालिकेत कधी ना कधी मरण येणे भागच होते आणि बाईंनी ते न कचरता लिहिले. कचरल्या त्या एकाच ठिकाणी. थोरलीला एक लहान पिलू होते. ‘पिलू काठावर उभे होते’ असे एक वाक्य लिहून बाईंनी प्रकरण संपवले आणि पुढच्या प्रकरणात गारीला नदीपल्याड नेऊन ठेवले. आईविना दूधपिते पिलू वाचत नाही. ते खरे लिहायला हात धजेना आणि खोटे लिहिण्याची बाईंना सवय नव्हती. म्हणून त्यांनी काहीच लिहिले नाही. ही गोष्ट त्यांनी कोणाला सांगितली नव्हती आणि पुस्तक बाजारात आल्यावर कोणी विचारलीही नव्हती.

मे महिन्यात एका सकाळी कामठे भवानी पेठेत आले. एरवी ते जिना चढतानाच बोलायला सुरुवात करत. त्या दिवशी ते खुर्चीत बसले, चहा घेतला आणि बशीकडे पाहत म्हणाले, “आई सुतक पाळतेय.”

“अरेरे. कोण गेलं?”

“थोरली.”

बाईंनी कप बशीत ठेवला.

हकीकत अशी होती. कामठ्यांच्या आई बायडाबाई यांना अक्षरओळख नव्हती. परंतु त्यांची सून शकू रोज दुपारी त्यांना मालिकेतले पान-दोन पान वाचून दाखवी. सहा पुस्तके अशीच ऐकून झाली होती. सातव्यातले मरणाचे प्रकरण संपले तेव्हा बायडाबाई उठल्या, डोक्यावरून पाणी घेतले आणि घरात गोडधोड करायचे नाही असे सांगून टाकले. दहावा लोणी काळभोरच्या शेतावर, नदीकाठी करायचा, हेही त्याच दमात ठरले.

“तुम्ही त्यांना सांगितलं नाहीत का, की ही हत्तीण काल्पनिक आहे?”

“सांगितलं ना. म्हणाली, मग मी रोज दुपारी कुणाचं ऐकत हुते?”

बाईंनी कप पुन्हा उचलला.

“आणि बाई, तुम्हाला यावं लागेल,” कामठे म्हणाले. “माहेरचं माणूस पाहिजे म्हणते.”

“मी थोरलीच्या माहेरची?”

“तुमच्याकडूनच आली ना ती आमच्याकडं.”

“कामठे, मी माझ्या सख्ख्या चुलत्याच्या चाळिसाव्याला प्रकृतीचं कारण सांगून गेले नव्हते. तुमच्या आईच्या दहाव्याला कशाला येऊ?”

“आईच्या नाही, थोरलीच्या. आईचा होऊ नये म्हणून तर या.” कामठ्यांचा आवाज उतरला. “त्या दिवशी कावळा शिवल्याशिवाय ती अन्नाला शिवणार नाही. साखर आहे तिला. सकाळची गोळी मात्र घेणार, डॉक्टरांना शब्द दिलाय म्हणते. गोळी घेऊन उपाशी राहिली तर साखर एकदम खाली येते. मागं एकादशीला अशीच पडली, दोन दिवस सलाइनवर होती. आता परत पडली, तर डॉक्टर कानावर हात ठेवतात.”

“आणि मी येऊन काय करू?”

“कावळा नाही शिवला, तर एक वाक्य बोला. आठव्या पुस्तकात थोरली परत येते म्हणून. बास. छापायचं की नाही ते मागनं बघू.”

“वचन द्यायचं आणि मागनं बघायचं, ही पद्धत तुमच्या धंद्यात असेल. थोरली मेली आहे.”

“तेच तर आई म्हणतेय!” कामठे हताश होऊन म्हणाले.

बाईंचा कावळ्यावर विश्वास नव्हता. रक्तातल्या साखरेवर होता. म्हणून त्या गेल्या.

ठरल्या दिवशी कामठ्यांनी त्यांना स्वारगेटवरून जीपमध्ये घेतले. बाईंजवळ पाण्याची बाटली आणि उन्हासाठी मोठी काळी छत्री होती. लोणीला पोचेपर्यंत ऊन चांगलेच तापले होते. नदीकाठी बाभळीच्या विरळ सावलीत सतरंजी अंथरली होती आणि तिच्यावर नऊवारीतल्या बायडाबाई काठीवर हात ठेवून बसल्या होत्या. चेहऱ्यावर दुःख होते. पण त्याचे कोणी कौतुक करावे, अशी अपेक्षा दिसत नव्हती.

“आलीस व्हय बाय,” त्या म्हणाल्या. “बस. उन्हाची लांबून आलीस.”

महाविद्यालयात प्राचार्यसुद्धा ज्यांना अहोजाहो करत, त्या शिकलगारबाई निमूट बसल्या.

अनंतगुरुजी विधीची तयारी करत होते. असे काही आपण करणार नाही, असे त्यांनी आधी सांगितले होते. मग मुक्या जिवासाठी दोन घास ठेवायला शास्त्राची हरकत नसावी, असे सांगितले. आज त्यांनी भात, तीळ आणि दर्भ काढून विचारले, “गोत्र?”

सगळ्यांनी शिकलगारबाईंकडे पाहिले.

“सरळ सुळ्यांचा हत्ती,” बाई म्हणाल्या. “नर्मदेच्या आणि गोदावरीच्या खोऱ्यांत याचे अवशेष मिळाले आहेत.”

“माहीत नसेल तर काश्यप म्हणतात,” गुरुजी म्हणाले आणि काश्यप म्हणाले.

पिंड ठेवला गेला. मयताच्या आवडीचे शेजारी ठेवायचे म्हणून शकूने पुस्तकातून हुडकून उंबरे आणली होती, बांबूचा पाला आणला होता आणि बायडाबाईंच्या सांगण्यावरून उसाची दोन कांडी.

“ऊस त्या काळी इकडे नव्हता,” बाईंच्या तोंडून निघून गेले.

“म्हनून तर ठिवला,” बायडाबाई म्हणाल्या. “तिला कदी मिळाला न्हाई ना.”

सर्व जण चार पावले मागे सरकून उभे राहिले. बाई माहेरच्या असल्यामुळे त्यांना सर्वांत पुढे, पिंडाच्या उजव्या हाताला उभे करण्यात आले. त्यांनी छत्री उघडली. बाभळीवर कावळे होतेच. त्यांतला एक उतरून खालच्या फांदीवर आला, मान वाकडी करून पिंडाकडे पाहिले आणि तिथेच बसून राहिला.

बराच वेळ काही घडले नाही.

बाईंनी प्रश्नाकडे रीतसर पाहिले. पक्षी खाद्यापाशी येत नाही, याची कारणे मर्यादित असतात. “माणसं फार जवळ आहेत,” त्या म्हणाल्या. माणसे मागे गेली. कावळा आला नाही. “ते स्टीलचं तांब्या-भांडं चमकतंय.” भांड्यावर टॉवेल टाकण्यात आला. कावळ्याने चोच फांदीवर घासली. “तो जेवलेला असेल.” हे कारण बाईंना सर्वांत भक्कम वाटत होते. एवढ्यात काठाने थोडे खाली, दुसऱ्या एका कुटुंबाने आपल्या आजोबांचा पिंड ठेवला आणि त्यांचे हात बाजूला होतात न होतात तोच बाभळीवरच्याच एका कावळ्याने जाऊन त्यात चोच घातली.

“म्हातारा तृप्त गेला,” बायडाबाई म्हणाल्या. त्यांच्या स्वरात किंचित हेवा होता. “हिचं कायतरी राहिलंय.”

आता वचने सुरू झाली. मयताची जी इच्छा राहिली असेल ती पुरी करू, असे जवळच्यांनी सांगायचे, ही रीत.

“सातही पुस्तकं पुठ्ठा बांधणीत काढीन,” कामठे हात जोडून म्हणाले.

“हत्तिणीनं पुठ्ठा काय करायचा रं?” बायडाबाईंनी विचारले.

“मी आत्याबाईंना पहिल्यापासून सगळी परत वाचून दाखवीन,” शकू म्हणाली. कावळा एक फांदी खाली आला. तो पुन्हा वर गेला.

“बांधावर उंबर लावीन,” बायडाबाई स्वतः म्हणाल्या. “पानी घालून वाढवीन. ये गं.”

कावळा आला नाही. ऊन माथ्यावर आले. कामठे बाईंच्या छत्रीखाली सरकले आणि ओठ न हलवता म्हणाले, “बाई, तेवढं एक वाक्य.”

“नाही.”

गुरुजींना दुपारनंतर थेऊरला दुसरीकडे जायचे होते. त्यांनी दर्भाच्या काड्या मोडून गाठ मारायला घेतली. “काकस्पर्श झाला नाही तर दर्भाचा कावळा करून शिववतात. चालतं ते. शास्त्र आहे त्याला.”

बायडाबाईंनी काठी आपटली.

“हत्तीण कागदाची हाय म्हनून कावळा गवताचा चालंल व्हय?”

गुरुजींचे हात थांबले. शास्त्रात या प्रश्नाचा विचार झालेला नसावा.

“आई, दोन घास खाऊन घे,” कामठे म्हणाले. “मग थांबू की संध्याकाळपर्यंत.”

“तुज्या बापाचा दहावा हुता तवा खाल्लं हुतं का कुनी मदीच?”

बाईंनी बायडाबाईंकडे पाहिले. काठीवरचा हात थरथरत होता. वरच्या ओठावर घाम होता, आणि सावलीत बसलेल्या माणसाला येतो त्यापेक्षा तो जास्त होता. साखर उतरू लागल्याची ही लक्षणे बाईंना ठाऊक होती. त्यांच्या आईला तोच आजार होता. बळजबरीने घास भरवावा, अशी ही बाई नव्हती. म्हणजे कावळा यायला हवा होता किंवा बाईंनी खोटे बोलायला हवे होते, आणि खोटे बोलूनही कावळा येईल याची हमी नव्हती.

हिचे काहीतरी राहिले आहे, असे बायडाबाई म्हणाल्या होत्या. काय राहिले आहे, ते या काठावर एकाच माणसाला माहीत होते.

बाईंनी डोळे मिटून हिशेब मांडला. घरी, टेबलाशी बसून जो मांडायचे टाळला होता तो. पिलू सहाव्या पुस्तकाच्या आरंभी जन्मले. त्याला दोन पावसाळे झाले. अजून दुधावर. पण त्याच पुस्तकाच्या शेवटी थोरलीच्या धाकट्या बहिणीचे पिलू तरसांनी नेले होते. बाईंनी ते स्वतः लिहिले होते आणि त्या प्रकरणावर पालकांची पत्रेही आली होती. म्हणजे धाकटीच्या अंगावर दूध होते. कळपातली मावशी पोरके पिलू पाजते, ही नोंदलेली गोष्ट आहे. दर वेळी घडते असे नाही. घडते एवढे नक्की. पुरावा आड येत नव्हता. मग आपण ते पान का लिहिले नाही, हा प्रश्न बाईंनी पुढे ढकलला.

त्या पिंडाकडे वळल्या. मयताशी बोलताना डोक्यावर छत्री धरणे बरे दिसेना, म्हणून त्यांनी ती मिटली आणि काखेत धरली. वर्गात शेवटच्या बाकापर्यंत जाईल अशा आवाजात त्या म्हणाल्या:

“थोरली, तू परत येणार नाहीस. ते माझ्या हातात नाही.”

कामठ्यांनी कपाळाला हात लावला. बायडाबाईंनी मात्र मान हलवली. त्यांना हे माहीतच होते.

“पण तुझं पिलू मरणार नाही. धाकटीच्या अंगावर दूध आहे आणि तिचं पिलू गेलंय. ती पाजेल. आठव्या पुस्तकात तुझं पिलू धाकटीच्या पोटाखाली उभं असेल. पुढे केव्हातरी तुमची जात संपेल, ते मला बदलता येणार नाही. पण त्याला अजून पुष्कळ पिढ्या आहेत. तेवढं मी लिहीन.”

कावळा फांदीवरून उडाला, पिंडाजवळ उतरला, दोन उड्या मारल्या आणि भातात चोच घातली. नंतर त्याने उसाचे कांडेही टोचून पाहिले.

“शिवला!” शकू ओरडली.

बायडाबाईंनी जमिनीला हात लावून नमस्कार केला. शकूने गुळाचा खडा त्यांच्या तोंडात अक्षरशः कोंबला आणि वर लिंबाचे सरबत पाजले. थोड्या वेळाने त्यांचा हात थरथरायचा थांबला. पत्रावळ्या मांडल्या गेल्या. बायडाबाईंनी भाकरी मोडली, पिठल्यात बुडवली आणि शेजारी बसलेल्या बाईंना विचारले, “पिलू नर का मादी?”

“अजून ठरवलेलं नाही.”

“मादीच ठिव बाय. उद्या कळपाला थोरली लागंल का न्हाई?”

हत्तींच्या कळपाची म्होरकी मादीच असते, हे बाईंनी पहिल्या पुस्तकात लिहिले होते. ते कोणीतरी नीट ऐकले होते.

जीप परतीच्या वाटेवर हडपसरला पोचली. शिकलगारबाई एकदम म्हणाल्या, “छत्री.”

“विसरली काय? गाडी वळवू?”

“विसरले नाही. मीच चूक केली. एका वेळी दोन गोष्टी बदलल्या. बोलायला लागले, त्याच क्षणी छत्री मिटली. काळं, फडफडणारं काही दिसलं की कावळे दूर राहतात. त्यांना तो मेलेला कावळा वाटतो. मी सकाळपासून पिंडाच्या उशाशी एक भलामोठा मेलेला कावळा धरून उभी होते.”

कामठ्यांनी हे पचवायला एक सिग्नल घेतला.

“म्हणजे तो वचनानं आला नाही?”

“सांगता येत नाही. छत्री मिटल्यानं आला असण्याची शक्यता अधिक.”

“मग बाई,” कामठे उजळून म्हणाले, “ते वचन काही बांधील नाही! पिलाचं कशाला, सरळ थोरलीच आणा की परत. मुखपृष्ठावर छान दिसेल.”

“कामठे, वचन मी कावळ्याला दिलं नव्हतं.”

दुसऱ्या दिवशी सकाळी शिकलगारबाई भाताचा गोळा आणि काळी छत्री घेऊन गच्चीवर गेल्या. गोळा कठड्यावर ठेवला. छत्री उघडली आणि काल जेवढ्या अंतरावर होत्या तेवढ्याच अंतरावर उभ्या राहिल्या. शेजारच्या गच्चीवर दादामियाँ कबुतरांना दाणे टाकत होते.

“बानूआपा, ऊन तर अजून आलं नाही.”

“प्रयोग आहे.”

“कावळ्याला जेवू घालताय की सावलीत बसवताय?”

बाई उत्तर देणार इतक्यात एक कावळा आला, उघड्या छत्रीच्या काठाखालून सरळ चालत गेला आणि गोळा खाऊ लागला. मग दुसरा आला. तिसरा आला तो छत्रीवरच बसला.

“पेठेतले आहेत,” दादामियाँ म्हणाले. “यांना कशाची भीती?”

हे स्पष्टीकरण बाईंना मान्य करावे लागले. शहरी कावळा आणि नदीकाठचा कावळा यांची तुलना करता येत नाही. लोणीला जाऊन, त्याच बाभळीखाली, छत्री उघडी ठेवून आणि तोंड बंद ठेवून प्रयोग पुन्हा करायला हवा होता. बाईंनी तो विचार थोडा वेळ केला. मग छत्रीवरचा कावळा उडवला, छत्री मिटली आणि खाली जाऊन टेबलाशी बसल्या.

आठव्या पुस्तकाचे पहिले वाक्य नव्याने शोधावे लागले नाही.

‘पिलू काठावर उभे होते,’ त्यांनी लिहिले. तेवढ्यात पेन अडले. ते झटकून त्यांनी पुढे लिहिले, ‘धाकटी पाण्याकडे निघाली होती. ती थांबली आणि मागे वळली. ते मादी होते.’

शेवटच्या वाक्यावर त्या जरा अडल्या. हत्तीण वळते, आणि त्याला जोडून पिलू मादी असल्याचे कळते, यात कार्यकारणसंबंध नव्हता. पण हे बिबवेवाडीत शकूने बायडाबाईंना वाचून दाखवायचे होते आणि बायडाबाई तो प्रश्न पहिल्याच पानावर विचारणार होत्या. बाईंनी वाक्य राहू दिले.